ताटावरून उठणारे काका

माकडाच्या डोळ्यांत डोळे घालून बघायचं नाही आणि त्याच्यासमोर दात काढून हसायचं नाही, हे दोन नियम मला खोलीची किल्ली हातात पडण्याआधी ऐकवण्यात आले. मी सिंगापुरात नुकतीच आले होते. वन-नॉर्थच्या एका प्रयोगशाळेत पोस्टडॉक म्हणून रुजू झाले होते आणि ओळखीच्या ओळखीतून या मराठी काकांच्या फ्लॅटमधली एक खोली मला भाड्याने मिळत होती. स्वयंपाकघर वापरू देतील का, एसी किती वेळ चालवू देतील, असले प्रश्न मी बसमध्ये घोकत आले होते. ते विचारायची वेळच आली नाही. काकांनी मला सोफ्यावर बसवलं, स्वतः समोर उभे राहिले आणि शिपयार्डात नव्या कामगाराला देतात तसं रीतसर 'सेफ्टी इंडक्शन' दिलं. खिडक्या कशा लावायच्या, कचऱ्याच्या डब्याची कडी कशी अडकवायची, जिन्यात माकड समोर आलं तर कोणत्या बाजूने सरकायचं. मी घाबरले की हसते, त्यामुळे हसत हसत मान डोलावत होते.

"आत्ता हसतेस ना, हे असं नाही हसायचं," काका म्हणाले. "त्यांच्यात त्याचा अर्थ वेगळा होतो."

काकू आतून पोह्यांची बशी घेऊन आल्या आणि म्हणाल्या, तू माझ्याकडे बघून हस गं, या घरात तेवढी परवानगी आहे.

आमच्या कॉन्डोच्या मागच्या भिंतीला लागून राखीव जंगल सुरू होत होतं. म्हणजे भिंत माणसांनी बांधली होती, माकडांशी त्याबद्दल काही बोलणं झालेलं नव्हतं. सकाळी पोहण्याच्या तलावापाशी एखादी माकडीण पिल्लाच्या उवा काढत बसलेली असायची आणि दोन आरामखुर्च्या सोडून एखादी बाई पेपर वाचत असायची. दोघींनाही एकमेकींचं काही वाटत नसे. काकांना मात्र दोघींची काळजी असे.

काका हयातभर तुआसच्या शिपयार्डात सेफ्टी ऑफिसर होते. जहाजाच्या पोटात उतरणाऱ्या माणसाने हेल्मेट घातलंय का, कमरेला दोर बांधलाय का, हे बघण्यात त्यांचं आयुष्य गेलं. निवृत्त झाल्यावर इतर माणसं बागकाम करतात, भजन शिकतात. काकांनी केशरी जाकीट चढवलं आणि माकडांच्या ड्यूटीवर रुजू झाले. तिथे स्वयंसेवकांची तशी पद्धत आहे. कळप इमारतींकडे वळला की हातातली काठी जमिनीवर आपटत त्याला सावकाश जंगलाकडे वळवायचं. मारायचं नाही, अंगावर धावून जायचं नाही, ओरडायचंही नाही. नुसतं टक-टक, टक-टक. काकांचं ते टक-टक इतकं अंगवळणी पडलं होतं की लिफ्टची वाट बघतानासुद्धा त्यांची छत्री फरशीवर टक-टक करायची. ते ऐकून लिफ्टमधली पोरं बाजूला सरकून जागा द्यायची.

माकडांना त्यांनी हुद्दे दिले होते. कळपाचा थोराड नर हा फोरमन. कायम डोळे बारीक करून बघणारी एक म्हातारी होती, ती वेल्डर. आणि एक उनाड तरणा नर होता, ज्याला कुठलंच काम धड जमत नसे, तो ट्रेनी. "फोरमन आज उशिरा आला," असं काका चहा पिताना गंभीरपणे सांगायचे. काकू म्हणायच्या, "मला मेलीला लग्नापासून 'अगं' एवढाच हुद्दा आहे."

माकडं प्लॅस्टिकच्या पिशवीला ओळखतात, ती सळसळली की त्यात खाणं असणार हे त्यांना पक्कं ठाऊक असतं. म्हणून काकांच्या राज्यात प्लॅस्टिकच्या पिशवीला बंदी होती. एकदा मी हॉकर सेंटरमधल्या खाण्याच्या टपरीवरून चिकन राइस आणि सूप पिशवीत लटकवून येत होते. काकांनी मला फाटकापाशीच गाठलं, एक शब्द न बोलता पिशवी काढून घेतली आणि जाकिटाच्या आत घालून चेन लावली. लिफ्टमध्ये त्यांच्या पोटाशी सूप सांडत होतं. तरी ते सरळ समोर बघत उभे होते. शाकाहारी माणूस, पण त्या जाकिटाला पुढे आठवडाभर आल्या-लसणाचा आणि कोंबडीचा वास येत राहिला आणि काकू ते वेगळं भिजवत राहिल्या.

एकदा बसस्टॉपवर रानडुक्कर आलं. लोक घाबरून इकडेतिकडे पळायला लागले, तर काकांनी छत्री आडवी धरून सगळ्यांना रांगेत उभं केलं आणि रांग मोडू नका म्हणून दटावलं. डुक्कर रांगेसमोरून पाहणी करत निघून गेलं. त्यानंतर बस आली. काका रांगेत शेवटचे होते, त्यामुळे त्यांना बसायला जागा मिळाली नाही, आणि हे त्यांनी घरी आल्यावर दोनदा सांगितलं.

शेजारच्या फ्लॅटमध्ये एक चिनी आंटी राहायच्या. त्यांच्या सातव्या महिन्यात, म्हणजे पूर्वजांच्या महिन्यात, त्या आपल्या गॅलरीत उदबत्त्या लावून संत्री मांडून ठेवायच्या. काका दार वाजवून त्यांना नम्रपणे सांगायचे की पूजा झाली की संत्री लगेच आत घ्या. आंटी तितक्याच नम्रपणे म्हणायच्या, "अंकल, दिस वन फॉर घोस्ट, नॉट फॉर मंकी लाह." काका म्हणायचे, भुताचं मला माहीत नाही, माकड मात्र नक्की येणार. संत्री आत जायची, पण आंटी दार जरा जोरात लावायच्या.

पण काकांचं खरं वैशिष्ट्य म्हणजे त्यांना ताकभात माहीत नव्हता.

म्हणजे ताक माहीत होतं, भात माहीत होता. जेवणाच्या शेवटी तो कालवून खातात, हे त्यांनी बहुधा लहानपणी पाहिलं असेल. पण लग्न झाल्यापासून काका एका बैठकीत जेवण संपवून उठलेत, असं काकूंनी पाहिलं नव्हतं. तुआसला असताना दुसरी पोळी ताटात पडायची आणि फोन वाजायचा. कुठे पायऱ्या निसरड्या झाल्यात, कुठे गॅसचा वास येतोय. काका हात धुऊन निघायचे. काकूंनी वाट बघितली, निवृत्ती येईल तेव्हा येईल. निवृत्ती आली आणि फोनच्या जागी माकडं आली. वरच्या स्लॅबवर धप्प आवाज झाला की काकांचा घास हातात थांबायचा, मान तिरकी व्हायची, आणि काठी घेऊन स्वारी खाली. परत येईपर्यंत आमटी गार, भाताचा गोळा झालेला. मग ते उभ्याउभ्या दोन घास गिळून "झालं माझं" म्हणायचे.

काकू रागावत नसत. ताटावर जाळी झाकून ठेवायच्या आणि मला सांगायच्या, "माझं एवढंच मागणं आहे बघ देवाकडे. एक दिवस या माणसाने माझ्यासमोर बसून ताकभातापर्यंत जेवावं. मग खुशाल जावं माकडांमागे." माझ्याशी बोलल्यासारखं करून त्या हे काकांना ऐकवायच्या. काका म्हणायचे, "बघू."

काकांच्या 'बघू'चा अर्थ घरात सगळ्यांना ठाऊक होता. 'बघू' म्हणजे नाही. गावी साताऱ्याला जाऊ या का, बघू. नवा सोफा घेऊ या का, बघू. ते कधी कुणाला तोंडावर नाही म्हणाले नाहीत आणि कधी कशाला हो म्हणाले नाहीत.

एका गणपतीला काकूंनी ताटभर उकडीचे मोदक केले होते. सिंगापुरातली बरीच मराठी मंडळी आरतीला जमली होती आणि कुणीतरी उकडतंय म्हणून स्वयंपाकघराची खिडकी जाळीसकट उघडली. आरतीत 'सुखकर्ता' संपून 'दुर्गे दुर्घट भारी' सुरू होतं, तेवढ्यात फोरमन खिडकीतून आत आला, मधल्या पॅसेजमधून चालत मखरापर्यंत गेला, एक मोदक उचलला, हुंगला आणि आल्या वाटेने परत गेला. कुणी काही केलं नाही, कारण सगळ्यांचे हात टाळ्यांत गुंतले होते आणि काका निरांजन धरून उभे होते. काकूंनी हात जोडले. आरती संपल्यावर काकांनी प्रसाद थांबवला आणि चौकशी बसवली. खिडकी उघडली तेव्हा कोण कुठे उभं होतं, हे प्रत्येकाला सांगावं लागलं. तुआसमध्ये थोडक्यात टळलेल्या अपघाताला 'निअर मिस' म्हणतात आणि त्याची अपघाताइतकीच कसून चौकशी होते, हे आम्हा सगळ्यांना त्या दिवशी मोदकांकडे बघत बघत शिकायला मिळालं. काकू म्हणाल्या, गणपतीने खाल्ला काय आणि मारुतीने खाल्ला काय, माझ्या हातचा मोदक देवाच्याच पोटात गेला. काका म्हणाले, "मारुतीला खिडकी उघडी दिसली की तो उद्या पुन्हा येतो. मग त्याचं काय होतं, ते तुला माहीत आहे."

काकूंना माहीत होतं. त्या पानं वाढायला लागल्या.

ती गोष्ट ट्रेनीची. काकूंचा शनिवार असायचा. माहेरी दर शनिवारी मारुतीला तेल वाहायचं, केळं ठेवायचं, आणि इथे तर साक्षात मारुती खिडकीबाहेरच्या कठड्यावर येऊन बसायचा. काका सकाळच्या ड्यूटीवर गेले की काकू त्याला एक केळं द्यायच्या. ट्रेनीला शनिवार कळत नव्हता, तो रोज यायला लागला. मग तो नुसता काकूंच्या खिडकीशी नाही, सगळ्यांच्याच हाताशी यायला लागला, कारण माणसाच्या हातात केळं असतं हे त्याला माणसानेच शिकवलं होतं. एका सकाळी खालच्या मजल्यावरच्या मुलीच्या पाठीवरचं दप्तर त्याने ओढलं. आत डबा होता. मुलगी पडली, गुडघा फुटला, खूप घाबरली. तक्रार झाली, पिंजरा लागला आणि ट्रेनी त्यात सापडला. अशा धीट झालेल्या जनावराला परत जंगलात सोडत नाहीत.

पिंजरा नेला तेव्हा काका तिथे उभे होते. घरी येऊन ते जेवायला बसले आणि काकूंनी स्वतःच सगळं सांगून टाकलं. मी तिथेच होते. मला वाटलं आता काकांचा संताप होणार. त्यांनी हातातला घास ताटात परत ठेवला.

"चूक तुझी नाही," ते म्हणाले. "खिडकीला जाळी नव्हती. माणसाला मोह होणार हे धरूनच जाळी लावायची असते."

त्या दिवशी कुठेही धप्प आवाज झाला नव्हता, तरी काका ताटावरून उठले. दुसऱ्या दिवशी त्यांनी खिडक्यांना आपल्या हातांनी उघडझाप होणारी जाळी लावली आणि गॅलरीलाही तशीच बसवून घेतली. काकूंनी खिडकीच्या जाळीवर आतल्या बाजूने मारुतीची तसबीर अडकवली. त्यानंतर दर शनिवारी त्या तसबिरीला केळं दाखवायच्या आणि स्वतः सोलून खायच्या. मला म्हणायच्या, "भक्तही मीच आणि मारुतीही मीच, कुणाला चावत नाही."

जाळीमुळे काकूंची आणखी एक पंचाईत झाली, ती सासऱ्यांच्या श्राद्धाची. श्राद्धाचं पान बाहेर ठेवायचं, कावळा शिवला की गेलेलं माणूस तृप्त झालं समजायचं आणि मग घरातल्यांनी जेवायचं, ही आपली रीत. इथे रानातल्या कुठल्याही पाखराला, जनावराला खाऊ घालायला कायद्याने बंदी, आणि त्यात कायदा घरातच राहायला. काकू पान वाढून गॅलरीच्या बंद जाळीआड ठेवायच्या आणि म्हणायच्या, "मामंजी बाहेरून वास घेऊन जात असतील बिचारे." एकदा त्यांनी सहज म्हणून काकांना विचारलं, "माझ्या वेळी तरी ठेवाल ना पान बाहेर?"

"बघू," काका म्हणाले.

हे पुन्हा एकदा बोललं गेलं, हॉस्पिटलमध्ये. काकूंचं दुखणं अचानक निघालं आणि फार लांबलं नाही. मी तोपर्यंत लग्न होऊन सिंगापुरातच दुसऱ्या भागात, हौगांगला, राहायला गेले होते, पण रोज संध्याकाळी जात होते. काका खुर्ची ओढून पलंगाशी बसलेले असायचे, हातात काठी नाही, तर हात कुठे ठेवावेत ते त्यांना कळत नसे. काकूंनी तोच प्रश्न विचारला. काका खाली बघून म्हणाले, "बघू." काकू माझ्याकडे वळून हसल्या. म्हणाल्या, ऐकलंस, नाही म्हणाले.

काकू गेल्या. एक वर्ष गेलं. वर्षश्राद्धाच्या आदल्या आठवड्यात काकांचा फोन आला की तू स्वयंपाकाला येशील का. मग म्हणाले, "पान बाहेर ठेवणार आहे." मला वाटलं मी चुकीचं ऐकलं. ज्या माणसाने शेजारणीच्या भुतांची संत्री आत घ्यायला लावली, तो स्वतः जाळी उघडून पान मांडणार होता. साताऱ्याच्या गुरुजींनी दर्भाचा कावळा करून त्याचाच स्पर्श करा, परदेशात चालतं, असं सांगितलं होतं. काकांनी ते मानलं नव्हतं. डमी चालणार नाही, म्हणाले.

मी अळूची भाजी केली, वडे, खीर, आमसुलाची चटणी केली. काकूंच्या जेवणाचा शेवट ताकाशिवाय होत नसे म्हणून ताकही केलं. व्हिडिओ कॉलवर गुरुजींनी विधी सांगितले. मग काकांनी गॅलरीची जाळी उघडली, स्टुलावर केळीचं पान मांडलं, आणि केशरी जाकीट घालून, काठी हातात घेऊन शेजारी उभे राहिले. त्यांनी सगळं योजलं होतं. कावळा सोडून दुसऱ्या कुणालाही पानाला तोंड लावू द्यायचं नाही, कावळ्याने एक घास घेतला की लगेच पान आत. नियम मोडायचा, पण नियमात मोडायचा.

शेजारच्या गॅलरीत आंटी कपडे वाळत घालत होत्या. त्यांनी पान बघितलं, काठी बघितली.

"अंकल, टुडे यू फीड आह?"

"फॉर माय वाइफ," काका म्हणाले.

आंटींनी हातातला टॉवेल परत बादलीत टाकला आणि त्याही तिथेच उभ्या राहिल्या.

आधी साळुंक्या आल्या. टक-टक. मग खार आली. टक-टक. कठड्यावरून वेल्डर डोळे बारीक करून आली. तिला टक-टक करताना काका हळू आवाजात "आज नाही, आज नाही" म्हणत होते. समोरच्या झाडावर मोठ्या चोचीचे दोन धनेश येऊन बसले आणि एवढं सगळं चाललंय काय ते बघत राहिले. कावळा काही येईना. इथे कावळे कमीच, त्यात जंगलाच्या बाजूला तर फारच थोडे. ऊन वर आलं. गुरुजी फोनवरून म्हणाले, कावळा शिवत नसेल तर गेलेल्या माणसाची काहीतरी इच्छा राहिली असेल, हात जोडून ती पुरी करीन असं म्हणा. त्यांना दुसरीकडे जायचं होतं, त्यांनी फोन ठेवला.

आणि कावळा आला. कुठून आला ते दिसलंच नाही, एकदम कठड्यावर बसलेला दिसला. मान तिरकी करून त्याने पानाकडे बघितलं, काकांकडे बघितलं, पुढे एक उडी मारली.

टक-टक.

काठी काकांनी आपटली नाही, ती आपटली गेली. इतक्या वर्षांची सवय होती ती. कावळा उडाला आणि इमारतीला वळसा घालून दिसेनासा झाला. काका हातातल्या काठीकडे बघत राहिले.

आंटींनी अगदी हळू विचारलं, "अंकल, युअर वाइफ कम ऑरेडी?"

"कम ऑरेडी," काका म्हणाले. "आय चेज्ड हर अवे."

आणि ते हसले. हसता हसता त्यांच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं, आणि दात दाखवत ते तसेच उभे राहिले. आंटींनी मान हलवली आणि आत जाऊन दार न वाजवता लावलं.

मी म्हटलं, थोडा वेळ थांबू या, येईल परत. काका म्हणाले, "नको. काय राहिलंय ते मला माहीत आहे." त्यांनी दोन्ही हातांनी पान उचलून आत आणलं, जाळी लावली, कडी दोनदा तपासली. जाकीट काढून खुर्चीला अडकवलं. काकूंचंच पान त्यांनी टेबलावर मांडलं आणि त्यांच्या रिकाम्या खुर्चीसमोर जेवायला बसले. मलाही बस म्हणाले.

वडे खाऊन झाले. अळूची भाजी चांगली झालीय म्हणाले, काकूंच्या भाजीइतकी नाही हे न सांगता. खीर झाली. आणि वरच्या स्लॅबवर धप्प आवाज झाला. मग दुसरा. गॅलरीच्या जाळीवर फोरमन येऊन लटकला आणि ती गदागदा हलवायला लागला. पानाचा वास त्याला लागला असणार. काकांचा घास हातात थांबला, मान तिरकी झाली. भिंतीला टेकवलेल्या काठीकडे त्यांचा हात गेला. मी पटकन खुर्ची मागे सरकवून उठायला लागले.

"बस," काका म्हणाले. "ताटावरून उठू नये."

हात परत पानाशी आला. जाळी वाजत राहिली. काका समोरच्या खुर्चीकडे बघत होते.

"ताक आहे का?" त्यांनी विचारलं.

मी वाटी भरून पुढे ठेवली. थोडं सांडलं. काकांनी भातात आळं केलं, ताक ओतलं, आणि सवय नसलेल्या माणसासारखं, जरा जास्तच पातळ, कालवलं. मग एकेक घास सावकाश घेत ते शेवटच्या शितापर्यंत जेवले.